लिलिएंथल ‘पडून मेला’, एवढंच का छापता?

मा. संपादक साहेब,
सप्रेम नमस्कार.

पत्र लांब होईल हे आधीच सांगतो. जागा नसेल तर माझ्या घरच्या गोष्टी कापा पण आकडे कापू नका, त्या माणसाची सगळी मेहनत त्या आकड्यांतच आहे.

तुमच्या मुलांच्या पानावर गेल्या आठवड्यात विमानाच्या इतिहासाची चौकट आली होती. राईट बंधूंना सात ओळी, फोटोसकट, आणि त्यांच्या वर एकच ओळ, ‘ओटो लिलिएंथल, जर्मनी, पंख लावून उडताना पडून मृत्यू, १८९६’. बस. माझी नात सहावीत आहे, झेडपीच्या शाळेत, ती दर वेळी तुमचं ते पान कापून वहीत चिकटवते. तिनं ती ओळ वाचली आणि दुकानातच मला विचारलं, आबाजी, हा येडा होता काय? तेव्हा दुकानात तीन-चार जण बसले होते, एकाच्या डवऱ्याची पास बसवायची होती, ते सगळे हसले. मी काम थांबवलं, तिला बाजूला बसवलं आणि तिला जे सांगितलं तेच तुम्हाला लिहितोय, कारण तुमचा पेपर आमच्यासारख्या कितीतरी गावात जातो आणि तिथल्या लेकरांनी पण ती ओळ वाचून तोच अर्थ काढला असेल.

मी दारव्हा तालुक्यातल्या एका खेड्यात शेती अवजारांचं वेल्डिंगचं दुकान चालवतो, ३२ वर्षं झाली. वखर, डवरे, तिफणी, आता जास्त करून ट्रॅक्टरचे रोटाव्हेटर आणि पेरणी यंत्रं. यवतमाळला आयटीआय केलं, त्यापुढं शिक्षण नाही. पण लिलिएंथलबद्दल जिथं जे मिळेल ते मी पंधरा-वीस वर्षांपासून वाचत आलोय, आधी वाचनालयातून, आता मोबाईलवर, इंग्रजी अडलं की पोराकडून समजून घेतो. त्याला कारण आहे.

मी ११ वर्षांचा असताना गोठ्याच्या टिनावरून उडी मारली होती. दोन्ही हातांना दोन सुपं, सुतळीनं करकचून बांधलेली, खाली तुरीच्या कुटाराचा ढीग. वावरावर घार फिरताना पाहून डोक्यात बसलं होतं की पंख हलवायची गरजच नाही, नुसते पसरले तरी पुरे. ढीग चुकला, डाव्या हाताचं मनगट मोडलं. बाबांनी बंडी जुंपली आणि तालुक्याला नेलं, रस्ताभर एक शब्द बोलले नाहीत, पुलाजवळ आल्यावर एवढंच म्हणाले, ‘काहून उडी मारली रे बापू?’ मी म्हटलं, घार उडते म्हणून. त्यावर बाबा म्हणाले, ‘घारीचं पंख केवढं अन् वजन केवढं, ते पाह्यलं काय?’ बाबा शाळेत गेले नव्हते पण साहेब, नेमका हाच प्रश्न लिलिएंथलनं आयुष्यभर धरून ठेवला होता हे मला तीस वर्षांनी कळलं. शाळेत मात्र एका सरांनी मला प्लास्टरसकट वर्गापुढं उभं केलं आणि सगळ्यांना हसायला लावलं, सातवी पास होईपर्यंत पोट्टे मला घार म्हणून चिडवायचे, मग मी कोणाला काही विचारणंच सोडून दिलं.

म्हणून जेव्हा पहिल्यांदा वाचलं की ओटो आणि त्याचा भाऊ गुस्ताव पंख बांधून रात्री अंधारात टेकाडावरून पळायचे, कारण दिवसा शाळेतली पोरं हसतील, तेव्हा मी ते पान दोन-तीनदा वाचलं. ही १८६२ ची गोष्ट. ओटोचा जन्म २३ मे १८४८ चा, गाव आंक्लाम, उत्तर जर्मनीत बाल्टिक समुद्राजवळ, तेव्हा प्रशियाचं राज्य होतं. गुस्ताव त्याच्याहून एक वर्षानं लहान. बाप कापडाचा व्यापारी, पोरं लहान असतानाच १८६१ मधे वारला, आईनं वाढवलं. लाकडाच्या पातळ पट्ट्यांचे पंख, एकेक दोन मीटर लांब आणि एक मीटर रुंद, हाताला बांधायचे आणि उतारावरून धावायचं. उडाले नाहीत अर्थात. पण माझ्यात आणि त्यांच्यात फरक हा की त्यांनी विचारणं सोडलं नाही.

त्यांच्या गावाबाहेर ओल्या कुरणांत करकोचे असायचे, तेच पांढरे करकोचे जे थंडीत आपल्या देशात पण येतात. हे दोघं भाऊ तासन्‌तास ते पाहत बसायचे आणि त्यांनी एक गोष्ट पक्की पकडली, करकोचा उडायच्या वेळी वाऱ्याकडे तोंड करून पळतो. माणूस त्या बाजूला उभा असला तरी त्याच्याच दिशेनं पळतो, वाऱ्याकडे पाठ करून उठत नाही. आपल्या शेतकऱ्याला हे सांगायची गरज नाही, खळ्यात तिव्यावर उभं राहून ज्यानं सुपानं धान्य उपणलं त्याला वारा कुठून येतो आणि कधी पडतो हे अंगावरच्या केसांनी कळतं. पण कळणं वेगळं आणि मोजणं वेगळं, आणि इथूनच तो माणूस बाकी सगळ्यांपासून वेगळा होतो.

त्याच्या आधी उडायची हौस असलेले कमी नव्हते. इंग्लंडात जॉर्ज केली नावाच्या माणसानं तर १८५३ मधेच बिनइंजिनाचं उडतं यंत्र, म्हणजे ग्लायडर, करून आपल्या नोकराला त्यात बसवून दरीवरून सोडलं होतं, त्याचा अभ्यास पण मोठा होता. पण एकच माणूस आपल्याच पंखावर, पुन्हा पुन्हा, वर्षानुवर्षं, दर वेळी थोडं थोडं सुधारत उडतोय असं लिलिएंथलच्या आधी झालं नव्हतं. आणि त्याची सुरुवात टेकडीवरून झालीच नाही, ती झाली वजन-काट्यापासून.

बर्लिनला तो मेकॅनिकल इंजिनियरिंग शिकला, मधे १८७०-७१ च्या फ्रान्सबरोबरच्या युद्धात सैनिक म्हणून गेला, परत आला. त्याआधीच दोघा भावांनी पायानं पंख हलवायचं एक यंत्र करून ते दोरीनं टांगलं आणि दुसऱ्या बाजूला वजन लावलं, म्हणजे विहिरीच्या रहाटासारखं, मग किती वजन उचललं जातं ते पाहिलं. माणूस आणि यंत्र मिळून ८० किलो, उचललं गेलं ४० किलो. म्हणजे अर्धंच. दुसरा कोणी असता तर म्हणाला असता, जमत नाही बापा, सोडा. यांनी तो आकडा लिहून ठेवला आणि हवा नक्की किती जोर देते हे आधी शोधू म्हणून बसले.

त्यासाठी त्यांनी फिरता दांडा बनवला. खळ्यात मेढीभोवती बैल फिरतात तसा, मधे उभा खांब आणि त्याला आडवा दांडा, दांड्याच्या टोकाला पंखाचा तुकडा, आणि फिरवायला दोरीला बांधलेली वजनं जी खाली येताना दांड्याला ओढतात. पंखाच्या तुकड्याला हवा वर किती ढकलते आणि मागे किती ओढते, दोन्ही वेगवेगळं मोजायचं. तुकडा सपाट ठेवून, मग थोडा वाकवून, मग आणखी वाकवून, मग तिरपा कोन बदलून. १८७३-७४ चं हे काम आहे, वीज नाही, पंखा नाही. आणि त्यातून जे निघालं ते असं की सपाट पाटीपेक्षा किंचित बाक असलेली पाटी हवेत कितीतरी जास्त जोर देते, इतकी की तिला अजिबात तिरपं न करता वाऱ्यात आडवं धरलं तरी ती वर ओढली जाते. बाक किती, तर रुंदीच्या बाराव्या हिश्श्याइतका, म्हणजे आपल्या दुकानाच्या भाषेत सांगायचं तर फूटभर रुंदीला एक इंच खोली. हे वाचलं तेव्हा मी दुकानातला एक पत्रा तसा वाकवून मोटरसायकलवर मागे बसून हातात धरून पाहिला, पोरगा गाडी चालवत होता, खरंच हात वर जातो. वावधन सुटलं की आपल्याकडे घरांवरचे टिनं उडतात ना, त्यात खालून शिरलेला वारा असतोच पण वरून जाणाऱ्या वाऱ्याची ओढ पण असते, हे पण मला त्यातूनच समजलं, तेव्हापासून मी शेडचे जे-हुक जास्त जवळ जवळ मारतो.

हे सगळं त्यानं १८८९ मधे पुस्तक म्हणून छापलं, पक्ष्यांचं उडणं हा उडण्याच्या कलेचा पाया, असा त्याच्या नावाचा अर्थ आहे. त्यात तक्ते आणि आलेख आहेत, कोणत्या कोनाला किती उचल आणि किती ओढ. विचार करा, तेव्हा त्यानं स्वतः एकदाही उड्डाण केलं नव्हतं. १५-१६ वर्षांपूर्वी सुरू केलेलं मोजमाप त्यानं आधी पूर्ण करून जगासमोर ठेवलं, मग पंख हातात घेतले. आणि इकडे आपण लेकरांना सांगतो की पंख लावले आणि पडला.

पोटापाण्याचं सांगतो, कारण तो काही श्रीमंत बापाचा पोरगा नव्हता. बर्लिनमधे त्याचा स्वतःचा कारखाना होता, वाफेची छोटी इंजिनं आणि बॉयलर, नळीचा वेटोळा केलेला बॉयलर हा त्याचा स्वतःचा शोध, लहान कारखानदाराला परवडेल आणि फुटण्याची भीती कमी. १८९० मधे त्यानं नफ्याचा २५ टक्के हिस्सा कामगारांना द्यायला सुरुवात केली. मी दोन पोरं कामाला ठेवतो, मला माहीत आहे हे किती जड जातं. त्याच्या आधी दोघा भावांनी लहान मुलांसाठी खेळण्यातले दगडी ठोकळे तयार केले होते, वाळू, खडू आणि जवसाचं तेल मिसळून दाबलेले, पण धंदा जमला नाही, हक्क दुसऱ्याला विकले आणि त्या दुसऱ्यानं त्यावर मोठा पैसा केला. आपल्या भागात जवसाचं तेल म्हटलं की चटणीच आठवते, त्यापासून खेळणी होतात हे मी पहिल्यांदा तिथं वाचलं.

आता उडण्याकडे येतो. १८९१ मधे ४३ व्या वर्षी त्यानं सुरुवात केली ती घरच्या बागेत, एक मीटर उंच फळीवरून. मग दोन मीटर. मग पॉट्सडॅमजवळ डेरविट्झ गावात एका उंचवट्यावरून, तिथं २५ मीटरपर्यंत गेला. मग आणखी टेकड्या शोधत राहिला. आणि बर्लिनजवळ लिश्टरफेल्डला मनासारखी टेकडी मिळेना तर १८९४ मधे स्वतःच तयार करून घेतली, वीटभट्टीच्या टाकाऊ मातीचा गोल ढीग, १५ मीटर उंच. गोल कशासाठी, तर वारा कुठूनही येवो, त्याच्याकडे तोंड करून पळता आलं पाहिजे. करकोच्याचाच धडा. माथ्यावर एक खोपटं, त्यात पंख ठेवायचे. तो ढीग आजही तिथं स्मारक म्हणून जपलेला आहे. आपल्या भागात किती वीटभट्ट्या आहेत आणि किती टाकाऊ मातीचे ढीग पडलेत, मी जाता येता पाहतो तेव्हा दर वेळी मला ते आठवतं.

पंख कशाचे होते हे मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं. विलोच्या लवचिक काड्या, म्हणजे आपल्या वाळुंजाच्या जातीचं झाड, आणि त्यावर ताणलेलं सुती कापड. लोखंड जवळजवळ नाही, ताणायला तारा तेवढ्या. छत्रीसारख्या काड्या मिटता यायच्या, म्हणजे दारातून आत नेता येईल. १८९४ चं त्याचं जे नेहमीचं यंत्र, त्याची रुंदी एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत ६.७ मीटर, कापडाचं क्षेत्र सुमारे १३ चौरस मीटर आणि वजन फक्त २० किलो. वीस किलो! माझ्या दुकानातला डवरा याच्याहून जड असेल. आणि आता बाबांचा प्रश्न आठवा, पंख केवढं अन् वजन केवढं. माझी दोन सुपं मिळून पाव चौरस मीटर पण भरत नव्हती. ११ वर्षांच्या पोराला पण त्याच्या कितीतरी पट कापड लागलं असतं, आणि मागे शेपूट लागलं असतं, आणि आधी एक मीटरच्या फळीवरून सराव लागला असता. त्या सरांनी मला वर्गापुढं उभं करण्याऐवजी हे एवढं गणित फळ्यावर मांडलं असतं तर वर्गातल्या चाळीस पोरांना क्षेत्रफळ कशाला शिकायचं ते जन्मभर लक्षात राहिलं असतं.

त्यानं पाच वर्षांत सुमारे २००० उड्या मारल्या. रिनो टेकड्यांवरून सगळ्यात लांब गेला तो २५० मीटर, म्हणजे आपल्याकडे एका वावराच्या धुऱ्यापासून दुसऱ्या वावराच्या धुऱ्यापर्यंत. पण सगळ्या उड्डाणांचा हवेतला वेळ एकत्र केला तर जेमतेम ५ तास होतो म्हणतात. पाच तासांसाठी दोन हजार वेळा ते २० किलो खांद्यावर घेऊन टेकडी चढायची, परत पळायचं, परत चढायचं, हे ज्याला येडेपणा वाटतो त्यानं एकदा उन्हाळ्यात ठिबकच्या नळ्यांचं एक बंडल टेकडीवर नेऊन पाहावं.

ओटोमार आन्शुट्झ या फोटोग्राफरनं १८९३-९४ मधे त्याचे उडतानाचे फोटो काढले, ते जगभरच्या मासिकांत छापून आले, आणि माणूस हवेत तरंगतोय हे लोकांनी पहिल्यांदा डोळ्यांनी पाहिलं. त्यानं ते यंत्र विकायला पण काढलं, किंमत ५०० मार्क, निदान ९ विकली गेली, घेणाऱ्यांत रशियाचे शास्त्रज्ञ झुकोव्स्की, अमेरिकेचा पेपरवाला हर्स्ट आणि इंग्लंडचा पर्सी पिल्चर. पिल्चर पुढे १८९९ मधे त्याच्या स्वतःच्या ग्लायडरची शेपूट हवेत मोडून गेला, त्याची गोष्ट वेगळी आहे आणि ती पण कोणीतरी लिहायला पाहिजे.

आता ती तुमची ओळ. रविवार होता, ९ ऑगस्ट १८९६, जागा श्ट्योल्न गावाजवळची गोलेनबर्ग टेकडी. ऊन चांगलं होतं, वारा अधूनमधून. सोबत त्याचा मदतनीस पाउल बाइलिश. आधी उड्डाण चांगलं झालं, नंतरच्या उड्डाणात मधेच उन्हानं तापलेल्या हवेचा एक झोत खालून आला आणि यंत्राचं तोंड वर गेलं, ते हवेत जागीच थांबल्यासारखं झालं. त्याच्या यंत्रात स्टिअरिंग असं काही नव्हतं, तो काखेत दांड्यांवर लोंबकळत असायचा आणि पाय पुढं-मागं, डावी-उजवीकडं टाकून तोल सांभाळायचा. त्यानं पाय पुढं फेकले, पण पंखावरून हवा सरकणं एकदा सुटलं की पंख हा नुसता कापडाचा तुकडा उरतो, तो १५ मीटरवरून खाली आला, मानेजवळचा कणा मोडला. गावात नेलं, दुसऱ्या दिवशी रेल्वेनं बर्लिनला, तिथं दवाखान्यात १० ऑगस्टला वारला. वय ४८, घरी बायको ॲग्नेस आणि चार लेकरं.

आपल्याकडे एप्रिल-मेमधे नांगरलेल्या काळ्या वावरात दुपारी वावटळ उठते, पालापाचोळा गरगरत वर जातो, ते म्हणजे हेच, तापलेल्या जमिनीवरून वर जाणारी हवा. घार त्याच हवेवर पंख न हलवता चढते. आजचे ग्लायडरवाले पण तीच हवा शोधत शोधत शेकडो किलोमीटर जातात. लिलिएंथलला ज्या हवेनं पाडलं तिच्याचवर आज माणसं बिनइंजिनाची दिवसभर उडतात, आणि त्यांना हे जमतं त्याचं एक कारण म्हणजे त्यानं सुरू केलेलं मोजमाप.

त्याच्या थडग्यावर बलिदान द्यावंच लागतं अशा अर्थाचं वाक्य आहे आणि ते त्याचे शेवटचे शब्द म्हणून सगळीकडे सांगतात. तो खरंच तसं बोलला का याबद्दल जाणकारांना शंका आहे, आणि मला स्वतःला ते त्याच्या तोंडी पटत नाही. ज्या माणसानं पडण्याचा मार लागू नये म्हणून यंत्राच्या पुढं विलोची लवचिक कमान बसवली होती, जिनं आधीच्या एका अपघातात त्याचा जीव वाचवला होता, तो मरायला निघालेला नव्हता. त्या रविवारी नेमकी ती कमान लावलेली नव्हती. मला बलिदानापेक्षा ही गोष्ट लेकरांना सांगावीशी वाटते, मी माझ्या दुकानातल्या पोरांना ग्राइंडर चालवताना चष्मा लावायला सांगतो तेव्हा हीच सांगतो.

आणि राईट बंधू. त्यांचं मोठेपण कमी करायचं नाही. पण त्यांनी स्वतः सांगितलंय की लिलिएंथलच्या मरणाची बातमी वाचूनच त्यांचा या गोष्टीतला रस पुन्हा जागा झाला, आणि त्यांनी ग्लायडर बनवायला घेतलं ते त्याच्याच तक्त्यांवरून. १९०१ मधे त्यांचं ग्लायडर ठरल्याइतकं वजन उचलेना तेव्हा त्यांना वाटलं लिलिएंथलचे आकडे चुकले. म्हणून त्यांनी हवेची पेटी, म्हणजे आतून वारा सोडायचा लांबट खोका, बनवून पंखांचे सुमारे २०० छोटे नमुने तपासले, तर कळलं की त्याचे आकडे त्याच्या पंखापुरते बरेचसे बरोबर आहेत, चूक होती ती अठराव्या शतकापासून सगळे डोळे झाकून वापरत आलेल्या हवेच्या दाबाच्या एका जुन्या आकड्यात. मग त्यांनी बाक कमी केला, तोल सांभाळायला पंख पिळण्याची युक्ती तर त्यांनी १८९९ मधेच काढली होती, म्हणजे जिथं लिलिएंथल कमी पडला तिथंच हात घातला, आणि १७ डिसेंबर १९०३ ला ते उडाले. विल्बर राईटनं नंतर लिहून ठेवलंय की १९ व्या शतकात या प्रश्नाला भिडलेल्या सगळ्या माणसांत लिलिएंथल सहज सगळ्यात महत्त्वाचा. ज्यांना तुम्ही सात ओळी दिल्या त्यांचं हे मत आहे.

एक गोष्ट लिहू की नको विचार करत होतो पण लिहितो. हे पत्र छापलं तर कोणीतरी नक्की म्हणेल की आपल्या तळपदेंनी १८९५ मधेच चौपाटीवर विमान उडवलं होतं, तुम्ही जर्मन माणसाचं काय सांगता. दर वर्षी तो मेसेज मला चार ग्रुपवर येतो. शिवकर बापूजी तळपदे मराठी माणूस, त्यांच्या जिद्दीबद्दल मला आदर आहे. पण त्या उड्डाणाचा फोटो, माप, वजन, पंखाचं क्षेत्र असं काही मला आजपर्यंत कुठं पाहायला मिळालेलं नाही, आणि वैमानिक शास्त्र नावाच्या ज्या ग्रंथाचा आधार सांगतात त्यातली विमानं उडू शकत नाहीत हे बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी १९७४ मधेच तपासून सांगितलंय. लिलिएंथलचं सगळं कागदावर आहे, कोणीही पुन्हा मोजून पाहावं. माझ्या नातीला मी हाच फरक सांगितला, देशाचा नाही, मोजण्याचा.

त्या दिवशी संध्याकाळी आम्ही दोघांनी बांबूच्या कामट्या आणि पतंगाचा कागद घेऊन दोन छोटी ग्लायडरं केली, एकाचा पंख सपाट, दुसऱ्याला फुटाला एक इंच बाक, दोन्हीच्या नाकाला सारखाच एक नट बांधला, नाहीतर ते उलटतं. पाझर तलावाच्या पाळीवर जाऊन वाऱ्याकडे तोंड करून सोडली, दहा-दहा वेळा. सपाट पंखाचं जास्तीत जास्त ९ पावलं गेलं, बाकाचं १४ पावलं. तिनं सगळे वीस आकडे वहीत लिहिले, मधे दोनदा वारा पडला ते पण लिहिलं, मी सांगितलं नव्हतं. तालुक्याच्या विज्ञान प्रदर्शनीत मी गेली कित्येक वर्षं पाहतोय, बाजारातून आणलेला थर्माकोलचा ज्वालामुखी आणि रंगवलेलं रॉकेट, बाजूला पाठ केलेलं भाषण, आकडा एक पण नसतो. लेकरांचा दोष नाही, त्यांच्यासमोर कोणी तशी गोष्ट ठेवलीच नाही.

त्या श्ट्योल्न गावाचं पण सांगून टाकतो. छोटंसं गाव, पण १९८९ च्या ऑक्टोबरमधे तिथं एक जुनं मोठं जेट विमान, इल्युशिन ६२, गवतावर उतरवलं, पट्टी किलोमीटरभर पण नव्हती, लिलिएंथलची आठवण म्हणून. ते अजून तिथंच उभं आहे आणि त्याला नाव त्याच्या बायकोचं दिलंय, लेडी ॲग्नेस. चार लेकरं घेऊन मागे राहिलेल्या बाईचं नाव त्या गावानं लक्षात ठेवलं हे मला फार आवडलं, नातीला तर सगळ्यात जास्त.

तर विनंती एवढीच की मुलांच्या पानावर लिलिएंथलवर निदान अर्धं पान द्या, ९ ऑगस्टच्या आसपास दिलं तर उत्तम. आन्शुट्झचे फोटो सव्वाशे वर्षांहून जुने आहेत, त्यातला टेकडीवरून पंख पसरून निघालेला एक तरी छापा. बाकाचं चित्र काढून द्या, फूट आणि इंच लिहून, म्हणजे लेकरं घरी करून पाहतील, आणि खाली मोठ्या अक्षरात टाका की हे हातानं सोडायचं आहे, छपरावरून स्वतः उडी मारायची नाही, ते मी स्वतःच्या मनगटावरून सांगतो, थंडीत अजून ठणकतं. आमच्या शाळेत पेपर येत नाही, माझ्या दुकानातला मीच नेऊन देतो, रविवारी छापलं तर सोमवारी परिपाठाला वाचता येईल. आणि सध्यापुरती त्या चौकटीची दुरुस्ती तरी टाका, जागा तेवढीच लागेल, मी मोजून पाहिलं: ‘ओटो लिलिएंथल, जर्मनी, पंखावरची हवा मोजली, २००० वेळा उडाला’.

आपला नेहमीचा वाचक,
ता. दारव्हा, जि. यवतमाळ